आरव म्हणजे शांत? बाळाच्या नावाची पडताळणी

आरव हे नाव आता मराठी घरांत चांगलंच रुळलं आहे. बारशाआधी मोबाइलवर त्याचा अर्थ शोधला, तर बहुतेक याद्यांत 'शांत', 'शांतताप्रिय' असं काहीतरी सापडतं. वामन शिवराम आपट्यांचा संस्कृत कोश उघडला की मात्र आरव म्हणजे आवाज, ओरडा, गलका. खरं तर कोशापर्यंत जायचीही गरज नाही. 'रव' म्हणजे ध्वनी हे आपल्याला कलरव या शब्दातून ठाऊक आहे, आणि जिथे ध्वनी नाही त्याला आपण नीरव म्हणतो. मग आरव शांत कसा झाला? आणि जे संस्कृत शिकलेले नाहीत, त्या आईवडिलांनी खरं काय ते कसं ओळखायचं?

या प्रश्नासाठी मी महाराष्ट्राबाहेरचं एक गाव निवडलं आहे. कावेरी आणि अरसलार या दोन नद्यांच्या मध्ये वसलेलं कुंभकोणम. तंजावरहून ते चाळीसेक किलोमीटरवर आहे. शिवाजीमहाराजांचे सावत्र भाऊ व्यंकोजी यांनी १६७० च्या दशकात तंजावर घेतलं आणि १८५५ पर्यंत तिथे भोसल्यांची गादी राहिली. त्या काळात आलेली मराठी कुटुंबं कुंभकोणममध्येही स्थिरावली. शेजारचे तमिळ लोक त्यांना 'रायर' म्हणतात, म्हणजे नावापुढे 'राव' लावणारे. त्रावणकोर, इंदूर आणि बडोदा या तीन संस्थानांचे दिवाण झालेले राजा सर टी. माधवराव १८२८ मध्ये याच गावी जन्मले. त्यांच्या नावातला 'टी.' म्हणजे तंजावर.

अशा घरातलं नाव मराठीत हाक मारलं जातं, तमिळमध्ये लिहिलं जातं, सरकारी कागदावर रोमन अक्षरांत जातं आणि त्याचा अर्थ शोधला जातो संस्कृतात. नावाचा अर्थ कुठे हरवतो आणि कुठे नवा चिकटतो, हे पाहायला याहून चांगली जागा मला माहीत नाही.

एका प्रश्नात तीन प्रश्न

'या नावाचा अर्थ काय?' असं आपण विचारतो तेव्हा तीन वेगळे प्रश्न एकत्र झालेले असतात. कुंभकोणम पितळेच्या भांड्यांसाठी प्रसिद्ध आहे, म्हणून घरातल्या एखाद्या जुन्या पितळी तांब्याचंच उदाहरण घेऊ. तांब्या कसल्या धातूचा आहे, हा एक प्रश्न. तो कुठल्या गावच्या कारागिराने घडवला, हा दुसरा. आणि त्याच्या काठावर जे नाव घातलं आहे, म्हणजे कुणी कुणाला लग्नात दिला, हा तिसरा. तिन्ही उत्तरं खरी असतात, पण एकाच्या उत्तरावरून दुसऱ्याचं आपोआप कळत नाही. नावाचंही तेच. शब्दाचा अर्थ काय, शब्द कुठल्या भाषेतून कसा आला, आणि लोकांनी तो नाव म्हणून का ठेवला, हे तीन प्रश्न वेगळे ठेवले की निम्मा गोंधळ संपतो.

गणितज्ञ श्रीनिवास रामानुजन यांचं घर कुंभकोणमच्या सारंगपाणी सन्निधी रस्त्यावर आहे. त्यांचं नाव या दृष्टीने पाहू. राम अधिक अनुज म्हणजे रामाचा धाकटा भाऊ, अर्थात लक्ष्मण. शब्द संस्कृत आहे आणि शेवटचा 'न्' तमिळ वळणाचा. पण अय्यंगार घरात हे नाव ठेवतात ते विशिष्टाद्वैत सांगणाऱ्या रामानुजाचार्यांच्या स्मरणाने. 'रामानुजन म्हणजे लक्ष्मण' हे उत्तर कोशाच्या दृष्टीने बरोबर आहे. घराच्या दृष्टीने ते अपुरं आहे. आणि 'श्रीनिवास' हे त्यांच्या वडिलांचं नाव. तमिळ रीतीत वडिलांचं नाव किंवा त्याचं आद्याक्षर आधी येतं. हे माहीत नसलं तर आपण भलत्याच नावाचा अर्थ शोधत बसतो.

चुका तयार कुठे होतात?

पहिलं कारण पंचांगात आहे. सत्तावीस नक्षत्रं, प्रत्येकाचे चार चरण, आणि प्रत्येक चरणाला एक अक्षर, अशी १०८ अक्षरांची मांडणी म्हणजे अवकहडा चक्र. जन्मवेळेवरून बाळाचं आद्याक्षर त्यातून काढतात. अश्विनीला चू, चे, चो, ला मिळतात. त्यांवर नावं शोधणं जमतं. आर्द्रेच्या चार अक्षरांत मात्र 'ङ' आहे, हस्तात 'ण' आहे आणि उत्तराभाद्रपदेत 'ञ' आहे. या अक्षरांनी सुरू होणारी नावं भाषेत जवळजवळ नाहीतच. ज्योतिषी मग जवळचं अक्षर सुचवतात. पण जिथे मागणी आहे आणि माल नाही तिथे नवा माल तयार होतो. अवघड अक्षरांवरची कितीतरी 'संस्कृत' नावं अशी बनलेली आहेत आणि त्यांचे अर्थही त्यांच्याबरोबरच बनले आहेत.

दुसरं कारण रोमन अक्षरं. इंग्रजी स्पेलिंगमधून ऱ्हस्व-दीर्घ निघून जातं. एकाच स्पेलिंगमध्ये अनय, अनया आणि अनाया ही तिन्ही नावं बसतात. त्यातला संस्कृत 'अनय' म्हणजे नीतीचा अभाव, अन्याय. अरबी 'इनाया' म्हणजे काळजी, कृपा. 'अनाया' बहुधा तिथून आलं. मराठी गवळणींत तर अनय हे राधेच्या नवऱ्याचं नाव आहे. याद्या या सगळ्यांना एका ओळीत कोंबतात आणि त्यांतला सगळ्यांत गोड अर्थ छापतात.

तमिळनाडूत यात एक भर पडते. तिथे 'त'साठी इंग्रजीत 'टीएच' लिहितात. महाराष्ट्रातल्या माणसाला कुंभकोणमची ललिता 'ललिथा' दिसते, कविता 'कविथा' आणि स्वाती 'स्वाथी'. मग कुणी 'थ'चं वेगळं मूळ शोधू लागतो. तिथे शोधण्यासारखं काही नसतं. ती नुसती लिहिण्याची पद्धत आहे.

तिसरं कारण मला सर्वांत महत्त्वाचं वाटतं. नावांच्या याद्या एकमेकींवरून उतरवलेल्या असतात. दहा ठिकाणी 'आरव : शांत' दिसलं म्हणून दहा पुरावे झाले नाहीत, एका चुकीच्या दहा प्रती झाल्या. पुरावा मोजताना हे विचारावं लागतं की यादी करणाऱ्याने हा अर्थ स्वतंत्रपणे कुठे पाहिला? शब्दाचा जुना वापर दाखवला का? बहुतेक याद्यांत यातलं काहीच नसतं.

शिवाय 'संस्कृत' हा शिक्का फार सहज मारला जातो. रेयांश या नावाचा अर्थ 'किरणाचा अंश' असा देतात. अंश संस्कृत आहे, पण किरणासाठी संस्कृतात 'रे' असा शब्द नाही. तो इंग्रजी दिसतो. मायरा हे नाव इंग्रजीत फुल्क ग्रेव्हिल या कवीने (१५५४–१६२८) आपल्या कवितांसाठी घडवलं असं मानतात. राजस्थानात मायरा म्हणजे भाचरांच्या लग्नात मामाने आणलेला आहेर. दोन्हींचा एकमेकांशी संबंध नाही. नावं वाईट आहेत असं मला म्हणायचं नाही. नवं नाव घडवण्याचा हक्क प्रत्येक पिढीला आहे. फक्त घडवलेल्या नावाला प्राचीन म्हणू नये, एवढंच.

सरफोजी : एका नावाचा तपास

आता एक नाव शेवटपर्यंत तपासून पाहू. तंजावरच्या भोसल्यांत सरफोजी नावाचे राजे झाले. पहिले १७१२ ते १७२८ या काळात गादीवर होते. दुसरे सरफोजी १७९८ ते १८३२ या काळातले, सरस्वती महाल ग्रंथालय समृद्ध करणारे. तमिळ आणि संस्कृत लेखनात हे नाव 'शरभोजी' असं येतं आणि राजाला 'शरभेंद्र' म्हटलं जातं. दुसऱ्या सरफोजींवरचं 'शरभेंद्र भूपाल कुरवंजी' हे तमिळ नृत्यनाट्य प्रसिद्ध आहे. त्यांच्या दरबारात तयार झालेल्या वैद्यकग्रंथांनाही शरभेंद्राचंच नाव आहे.

शरभ म्हणजे पुराणांतला आठ पायांचा महाबलाढ्य प्राणी. नरसिंहाचा क्रोध शांत करण्यासाठी शिवाने हे रूप घेतलं, अशी शैव कथा आहे. कुंभकोणमजवळच्या त्रिभुवनम् गावात, तिसऱ्या कुलोत्तुंग चोळाने बांधलेल्या कंपहरेश्वर मंदिरात, शरभेश्वराची मोठी उपासना चालते. त्या भागात राहणाऱ्या माणसाला 'शरभोजी म्हणजे शरभासारखा पराक्रमी' हे सहज पटेल. अर्थ जुळतो, देव जवळ आहे, कवींनीही तसंच म्हटलं आहे.

पण पडताळणीची पहिली पायरी म्हणजे नाव सोडवणं. मालोजी, तुकोजी, व्यंकोजी, सरफोजी: या सगळ्यांच्या शेवटी आदराचा 'जी' आहे आणि त्याआधी जोडणारा 'ओ'. तो काढला की उरतं 'सरफ'. मराठीत इथे 'फ' आहे, 'भ' नाही. शरभ असता तर मराठी माणसाला 'भ' म्हणायला कसलीच अडचण नव्हती; 'भोसले' म्हणतोच की आपण. म्हणजे हा 'फ' कुठून तरी आलेला आहे.

दुसरी पायरी घराण्यात मागे जाणं. शिवाजीमहाराजांचे आजोबा मालोजी यांना दोन मुलगे होते, शहाजी आणि शरीफजी. अहमदनगरच्या शाह शरीफ या पीरावर मालोजींची श्रद्धा होती आणि त्याच्या नावाचे दोन भाग करून दोन मुलांची नावं ठेवली, असं घराण्याची परंपरा सांगते. 'शाह' हा फारसी शब्द, अर्थ राजा. 'शरीफ' अरबी, अर्थ थोर, कुलीन. शरीफजी १६२४ मध्ये भातवडीच्या लढाईत पडले.

तिसरी पायरी मला फार आवडते, कारण तिथे कोश लागत नाही, वंशावळ लागते. तंजावर घेणारे व्यंकोजी हे शहाजींचे चिरंजीव. व्यंकोजींच्या मुलांची नावं पाहा: शहाजी, सरफोजी आणि तुकोजी. पहिल्या दोघांत आजोबा आणि चुलत आजोबा यांची जोडी जशीच्या तशी परत आली आहे. आजोबांचं नाव नातवाला देण्याची रीत आपल्याला ठाऊकच आहे. शहाजींशेजारचा सरफोजी हा शरीफजीच आहे, हे या जोडीवरून उघड होतं. तिसऱ्या प्रश्नाने, म्हणजे नाव का ठेवलं याने, इथे दुसऱ्याचं उत्तर दिलं.

मग 'फ'चा 'भ' कसा झाला? तमिळ लिपीत प, फ, ब आणि भ या चारही ध्वनींना एकच अक्षर आहे. उच्चार शब्दावरून ठरतो. श आणि स यांचंही तमिळ लिहिताना पुष्कळदा एकाच अक्षरावर भागतं. त्यामुळे मराठी 'सरफ' आणि संस्कृत 'शरभ' हे दोन्ही तमिळमध्ये लिहिले तर अक्षरं तीच येतात. वाचणाऱ्याला ओळखीचा शब्द दिसणार तो शरभ, कारण त्याच्या गावात शरभाचं देऊळ आहे आणि सरफ नावाचं काही नाही. हा माझा तर्क आहे. पण लिपी, उच्चार आणि परिसर तिन्ही त्याच बाजूला झुकतात. अनोळखी शब्दाला ओळखीच्या शब्दासारखं करून घेण्याची ही सवय सगळ्याच भाषांत आहे. भाषाशास्त्रात तिला लोकव्युत्पत्ती म्हणतात.

म्हणजे 'शरभोजी' खोटं का? मला तसं वाटत नाही. राजाच्या पदरच्या कवींनी तो अर्थ दिला आणि राजाने तो स्वीकारला. दोनशे वर्षांपूर्वी एका नावाला दुसरा अर्थ मिळाला, हीसुद्धा इतिहासातली घटना आहे. चूक तेव्हा होते, जेव्हा आपण दुसऱ्या अर्थालाच मूळ म्हणतो आणि अहमदनगरच्या पीराचं नाव पुसून टाकतो. मराठी राजघराण्याने अरबी नाव पिढ्यान्‌पिढ्या प्रेमाने वापरलं, ही गोष्ट त्याबरोबर पुसली जाते, आणि ती पुसली जाऊ नये असं मला मनापासून वाटतं.

निरुक्ती आणि व्युत्पत्ती

संस्कृत नावांच्या बाबतीत आणखी एक भेद कळायला हवा. माधव हे नाव घ्या. विष्णुसहस्रनामात ते तीनदा येतं आणि शांकरभाष्य तिथे वेगवेगळे अर्थ देतं: 'मा' म्हणजे लक्ष्मी, तिचा 'धव' म्हणजे पती, 'मा' म्हणजे विद्या, तिचा स्वामी, आणि मधूच्या कुळात जन्मलेला. नावांच्या याद्या यातला पहिला उचलतात.

व्याकरणाची वाट शेवटच्या अर्थाकडे जाते. रघूच्या कुळातला राघव, यदूच्या कुळातला यादव, पांडूचा मुलगा पांडव, तसा मधूच्या कुळातला माधव. पहिला स्वर आखूड असला तर लांबतो आणि शेवटचा 'उ' जाऊन 'अव' येतो. एकाच साच्यातून इतके शब्द निघतात तेव्हा तो साचा खरा मानावा. मधु म्हणजे वसंतही, म्हणून वैशाखालाही माधव म्हणतात. याला व्युत्पत्ती म्हणायचं, म्हणजे शब्द घडला कसा त्याची हकीकत.

'मा अधिक धव' ही निरुक्ती आहे. नावाच्या प्रत्येक अक्षरातून देवाचा एखादा गुण उलगडायचा, अशी ती रीत. यास्कांच्या निरुक्तापासून ती आपल्याकडे आहे. तिचं काम ध्यान आणि स्तुती. म्हणून भाष्यकाराला एकाच नावाचे तीन अर्थ देताना अडचण वाटत नाही. त्याला तीन गुण सांगायचे असतात. निरुक्ती आणि व्युत्पत्ती दोन्ही बाळाच्या आजीला सांगाव्यात. कुठली कुठली ते मात्र सांगावं.

व्यंकटेश हे नाव तर मराठी आणि तमिळ दोघांचंही. 'वें म्हणजे पाप, कट म्हणजे जाळणं' अशी निरुक्ती माहात्म्यग्रंथांत आहे. पण तोल्काप्पियम् या जुन्या तमिळ व्याकरणाच्या प्रस्तावनेत तमिळ देशाची उत्तर सीमा म्हणून वेंगडम् डोंगराचं नाव येतं. डोंगराचं तमिळ नाव, त्याचं संस्कृत वेंकट, त्याचा स्वामी वेंकटेश आणि मराठी जिभेवर व्यंकटेश. कुंभकोणम या गावनावाचंही असंच. तेवारम या जुन्या तमिळ शिवभक्तीच्या पदांत हे गाव 'कुडमूक्कु' आहे. तमिळमध्ये कुडम् म्हणजे घडा, मूक्कु म्हणजे नाक. संस्कृतात त्याचं कुंभघोण झालं, कारण घोणा म्हणजे नाक. मग 'घोण'चा सोपा 'कोण' झाला, आणि आज बरेच जण घड्याचा कोपरा असा अर्थ सांगतात.

> चौकट : नाव ठरवण्याआधी
>
> नाव आधी देवनागरीत लिहून पाहा. ऱ्हस्व-दीर्घ, त-थ, श-ष-स पक्कं करा. राव, जी, बा, अन्, अम्माळ असे आदराचे किंवा भाषेचे प्रत्यय वेगळे करा.
>
> मग भाषेप्रमाणे कोश उघडा. संस्कृतासाठी आपटे (१८९०) किंवा मोनिअर विल्यम्स (१८९९). मराठीसाठी मोल्सवर्थ आणि दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश. फारसी-अरबी मुळासाठी माधवराव पटवर्धनांचा फार्शी-मराठी कोश (१९२५). तमिळसाठी मद्रास विद्यापीठाचा तमिळ लेक्सिकन. शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर यांतले बरेचसे फुकट पाहता येतात.
>
> शब्द कोशात नसेल तर तो नवा असू शकतो, किंवा तुम्ही चुकीच्या भाषेत शोधत असाल. तेव्हा विचारा: हे नाव कुण्या जुन्या माणसाचं, देवाचं, गावाचं आहे का?

आरवचं काय करायचं?

आता आरवकडे येऊ. शब्द संस्कृत आहे, जुना आहे, अर्थ ध्वनी. शांततेशी त्याची गाठ कशी पडली याचा खात्रीचा पुरावा मला दिसत नाही, पण 'नीरव' या नावाशी सरमिसळ झाली असावी असं वाटतं. ज्या घरात मुलाचं नाव आरव आहे त्यांनी ते बदलायचं काही कारण नाही. ज्या घरात पहिलं रडणं ऐकायला माणसं जीव मुठीत धरून बसलेली असतात, तिथे 'ध्वनी' हा अर्थ मला तरी 'शांत'पेक्षा अधिक शोभतो.

ज्यांचं अजून ठरायचं आहे त्यांना तपासायला वेळही मिळतो. जन्म-मृत्यू नोंदणी अधिनियम १९६९ नुसार बाळाची जन्मनोंद नावाशिवाय करता येते आणि बारा महिन्यांच्या आत नाव फुकट घालता येतं. त्यानंतर विलंब शुल्क भरून पंधरा वर्षांपर्यंत. कुंभकोणमच्या मराठी घराने या मुदतीत एक जादा काम करावं असं मी सुचवेन. तमिळनाडूचा जन्मदाखला तमिळ आणि इंग्रजीत असतो, देवनागरी त्यावर कुठेच नसते. तेव्हा बाळाच्या जन्मपत्रिकेवर किंवा घरच्या वंशावळीच्या वहीत नाव देवनागरीत, ऱ्हस्व-दीर्घासह लिहून ठेवावं, आणि त्याखाली ते कुणाच्या आठवणीने ठेवलं तेही. शरीफजींच्या वेळी असं एक पान लिहिलं गेलं असतं तर सरफोजीचं मूळ शोधायला वंशावळीतल्या जोड्या जुळवाव्या लागल्या नसत्या.